निरर्थाच्या पलीकडे : आयव्हर कटलर यांच्या गीत-कथनातील विनोद

आयव्हर कटलर (१९२३–२००६) या स्कॉटिश गायक-कवीस एडवर्ड लिअर व लुईस कॅरल यांच्या 'निरर्थ-काव्या'चा वारसदार मानण्याची प्रवृत्ती दिसते. हे वर्गीकरण सोयीचे खरे. परंतु त्यामुळे कटलर यांच्या विनोदाचा गाभाच नजरेआड होतो, असे प्रस्तुत लेखकास वाटते.

लिअरच्या सृष्टीत वास्तवाचे नियम आरंभापासूनच स्थगित असतात. कटलर यांच्या 'लाइफ इन अ स्कॉच सिटिंग रूम, व्हॉल्यूम टू' (१९७८) या ध्वनिमुद्रिकेतील घरात मात्र थंडी आहे, दारिद्र्य आहे, वडीलधाऱ्यांचा धाक आहे. तेथे पुनःपुन्हा येणारा हेरिंग मासा हे गरिबाघरचे अन्नच आहे. निवेदक बालक साऱ्या विपरीत घटना जमाखर्चाच्या नोंदीसारख्या सांगत जातो. त्याला त्यात वावगे काही दिसत नाही. विसंगती हे विनोदाचे मूळ होय, ही आपली रूढ व्याख्या येथे अपुरी पडते. संगती कशास म्हणावे हे कथेतील कोणासच ठाऊक नाही. ती श्रोत्याने स्वतःजवळून पुरवावयाची, आणि म्हणूनच त्याचे हसू मध्येच अडखळते.

चरित्राचा आधार बेताने घ्यावा, हे मान्य. तरीही कटलर व्यवसायाने शिक्षक होते, स्कॉटलंडमधील शाळा सोडताना त्यांनी मुलांना मारावयाचा चामडी पट्टा कापून त्याचे तुकडे वर्गात वाटले, आणि पुढे ए. एस. नील यांच्या समरहिलमध्ये व लंडनच्या प्राथमिक शाळांत अध्यापन केले, हे विसरून त्यांच्या बालनिवेदकाचा विचार करता येणार नाही.

त्यांचे वाद्य हार्मोनियम. संगीत रंगभूमीवरील आपली पायपेटी गायकाच्या तानेमागे धावे, श्वासाची जागा भरून काढी. कटलर यांची पेटी कोणाच्याच मागे धावत नाही. दोन-चार सुरांवर ती संथपणे रेंगाळते, आणि त्या प्रार्थनासदृश सुरावर अत्यंत क्षुल्लक विधान गंभीरपणे उच्चारले जाते. छापील संहितेत हे हरवते. केवळ पुस्तकावरून कटलर शिकविणाऱ्याने एवढे ध्यानात ठेवावे.

लघुनियतकालिकांच्या चळवळीमुळे 'भूमिगत' ही संज्ञा आपणांस परिचित आहे, पण ती येथे जशीच्या तशी लागू पडत नाही. कटलर १९५९ पासून बीबीसीवर ऐकू येत होते. १९६७ साली बीटल्सच्या 'मॅजिकल मिस्टरी टूर' या चित्रपटातही ते दिसले. त्यांना जिव्हाळ्याने जपले ते मात्र जॉन पील यांच्या रात्रीच्या कार्यक्रमाच्या श्रोत्यांनी आणि प्रयोगशील संगीतकारांनी. रॉबर्ट वायट यांनी १९७३ च्या अपघातात पाय निकामी झाल्यावर 'रॉक बॉटम' (१९७४) ही शोकगर्भ ध्वनिमुद्रिका पूर्ण केली. तिच्या अखेरच्या गीतात कटलर यांचे पठण आहे. शब्द नेहमीसारखेच विक्षिप्त आहेत. ऐकणारा मात्र तेथे हसत नाही.