हरलेल्या संघाचा तक्ता

केंद्रस्तरीय स्पर्धेत आमच्या मुली कबड्डीचे तिन्ही सामने हरल्या. रत्नागिरीला परतताना गाडीत कुणी बोलेना. दुसऱ्या दिवशी फळ्यावर २०२२ च्या आयपीएलमधली मुंबई इंडियन्स मांडली: सामने १४, विजय ४, पराभव १०, स्थान शेवटचं. "बाई, म्हणजे नापासच की!"

मग सामने क्रमाने लिहिले. पहिले ८ सलग पराभव. पुढच्या ६ पैकी ४ विजय! चौथीतल्या मुलीनेच हे मोजून काढलं. त्याच हंगामात १९ वर्षांच्या तिलक वर्माने ३९७ धावा केल्या. गुणतक्त्याच्या शेवटच्या ओळीत यातलं काही दिसत नाही.

घरी "हरलात ना?" म्हणण्याआधी मुलांना असा तक्ता करायला सांगून बघा. आमच्या मुलींनी स्वतःचा केला. तिसरा सामना दोनच गुणांनी गेला होता, हे मलाही तेव्हाच कळलं.