रिकामे हात, खचलेले मन

ज्याला पुष्कळ दिवस काम मिळत नाही, त्याच्याविषयी गावात लवकरच बोलले जाते की, “तो आळशी झाला आहे.” हे बोलणे न्यायाचे आहे काय, याचा विचार या पाठात करू.

ऑस्ट्रिया देशात व्हिएन्ना शहराजवळ मारिएन्थाल नावाची गिरणीकामगारांची वस्ती होती. तेथील बहुतेक सर्व घरांचा निर्वाह एका कापडगिरणीवर चाले. १९२९-३० साली ती बंद पडली. पुढे मारी याहोडा, पॉल लाझार्सफेल्ड व हान्स त्साइझेल यांनी आपल्या सोबत्यांसह तेथील ४७८ कुटुंबांच्या जिण्याचे बारकाईने निरीक्षण केले. त्यांचा ग्रंथ १९३३ साली प्रसिद्ध झाला.

त्यांस काय आढळले? लोकांस वेळ भरपूर होता, आणि ग्रंथालयाची वर्गणीही माफ झाली होती. तथापि १९२९ ते १९३१ या काळात वाचावयास नेलेल्या पुस्तकांची संख्या जवळजवळ निम्म्याने घटली. पुरुष रस्त्याने स्त्रियांपेक्षा हळू चालत व वारंवार थबकत. पुष्कळांनी घड्याळ बाळगणेही सोडले. काही काम नसताना ते जेवावयास मात्र उशिरा येत. स्त्रियांचा दिवस घरकामाने भरलेला असे. थोडक्यात भागविण्याची चिंता त्यांच्याच माथी होती.

यावरून बोध हा की, काम मनुष्यास केवळ मजुरी देत नाही. ते दिवसाला आकार देते, चारचौघांत मिसळविते, आणि “माझी कोणास तरी गरज आहे” अशी खात्री देते. हे आधार गेले म्हणजे मन खचते, व खचलेले मन दुरून आळसासारखे दिसते. मारिएन्थालचे तेच लोक पूर्वी वाचीत होते व राबत होते, हे विसरू नये.

म्हणून अशा बंधूस भेटताच “अजून काम नाही काय?” असे विचारू नये. त्याच्या घरी जावे. त्यास ठरावीक वारी, ठरावीक वेळी करावयाचे एखादे उपयुक्त काम सांगावे, व त्याचा सल्ला घ्यावा. मजुरीचे काम असल्यास पुरी मजुरी द्यावी; सहानुभूतीच्या नावाखाली फुकट राबवू नये. त्याच्या पत्नीचीही विचारपूस करावी.

मननासाठी प्रश्न :
१. आपल्या गावात फार दिवस कामावाचून कोण आहे?
२. त्याच्याविषयी आपण काय बोलतो?
३. या आठवड्यात त्याच्या घरी कोण जाईल?