एडिनबऱ्यातला वाफा

१. मी थंडीला घाबरून होते; हिशेब निघाला उजेडाचा. नाशिक २० अक्षांशावर, एडिनबरा जवळजवळ ५६ वर. इथे जूनमध्ये दिवस साडेसतरा तासांचा, डिसेंबरात जेमतेम सात. कांद्याला हे बरोबर कळतं. आपल्याकडचा कांदा अकरा-बारा तासांच्या दिवसात पोसू लागतो. तेच बी इथे वसंतात पेरलं, तर पात वाढायच्या आत तो सुपारीएवढी गाठ धरून मोकळा होतो. इथे लांब दिवसांचे वाणच हवेत. कोथिंबीर तर जूनमध्ये पानं सोडून फुलांच्याच मागे लागते. घराण्यात शेती आहे, हे सांगणं मी तेव्हापासून कमी केलं.

२. थंडी काही पिकांची मावशीच निघाली. पर्थशर आणि अँगसच्या रास्पबेरीचं नाव आहे ते तिथल्या सौम्य उन्हाळ्यामुळे. सफरचंदाला तर फुलायच्या आधी हिवाळा सोसावाच लागतो. मला नवल वाटलं ते पार्सनिपचं. गाजराचा हा पांढरा भाऊबंद दहिवर पडेपर्यंत शेजारी उपटतच नाहीत, कारण थंडीत त्यातल्या पिठूळपणाची साखर होते. ऑक्टोबरात सगळं आवरून घरी बसण्याची माझी घाई त्यांना गमतीची वाटत असावी.

३. एप्रिलातली उबदार दुपार लबाड असते. मे महिन्यातही एखाद्या रात्री दहिवर पडतं आणि बटाट्याचे कोवळे कोंब सकाळी काळे दिसतात. म्हणून बेण्याचे बटाटे आधी अंड्यांच्या ट्रेमध्ये, खिडकीशी, मोड यायला मांडून ठेवायचे. आमच्या बैठकीच्या खोलीत पाहुण्यांच्या आधी त्यांची सोय होते.

४. बिनशंखाच्या गोगलगायींबद्दल माझं मत छापण्याजोगं नाही.

५. रुबार्ब हे इथलं न मागता येणारं पीक. त्याचे लालसर आंबट देठ इथे साखर घालून गोड पदार्थात जातात. मी ते चिंचेऐवजी आमटीत घालते, आणि छान लागतात. पानं मात्र विषारी, ती थेट कंपोस्टमध्ये. व्हिडिओ कॉलवर आईला हे अजून पटलेलं नाही. "एवढी अळूसारखी पानं, आणि टाकतेस? निदान एक वडी करून बघ."