राजाचं प्रेम खरं की दरबारातलं कारस्थान?

प्रश्न : आमच्या घरी सध्या कोरियन ऐतिहासिक चित्रपटांचं वेड आहे. राजाचं प्रेम, राण्यांची चुरस, दरबारातले डावपेच. एका चित्रपटात तर बापानेच युवराजाला लाकडी पेटीत कोंडून मारलं. हे खरंच घडलं, की नुसतं तिखटमीठ? आपल्याकडे असं काही होतं का?
– एक वाचक, पुरुषोत्तमनगर (ता. शहादा)

उत्तर : तुम्हाला जे सर्वांत अशक्य वाटलं, नेमकं तेच खरं आहे. तुम्ही म्हणता तो चित्रपट बहुधा २०१५ चा ‘द थ्रोन’. १७६२ च्या उन्हाळ्यात राजा योंगजोने आपला मुलगा, युवराज सादो, याला तांदूळ साठवायच्या पेटीत बंद केलं आणि आठ दिवसांत तो गेला. युवराजाचं मन ताळ्यावर नव्हतं, त्याच्या हातून माणसं मारली गेली होती. पण गुन्हेगार ठरवून त्याला देहदंड दिला असता, तर त्याच्या मुलावरही तो कलंक आला असता. म्हणून पेटी! तोच मुलगा, जोंगजो, १७७६ मध्ये गादीवर आला. सादोची पत्नी ह्येग्योंग हिने उतारवयात हे सारं लिहून ठेवलं.

कोरियात जोसन घराण्याच्या काळात (१३९२–१९१०) दरबारी इतिहासकार राजाची पाठ सोडत नसत आणि त्यांची टिपणं वाचायची खुद्द राजाला मुभा नसे. १४०४ मध्ये राजा तेजोंग शिकारीत घोड्यावरून पडला. उठता उठता म्हणाला, इतिहासकाराला कळू देऊ नका. इतिहासकाराने पडणंही लिहिलं आणि हे वाक्यही.

आता आपल्याकडे या. सादो पेटीत मेला त्याच १७६२ साली आळेगावला रघुनाथरावांनी सख्ख्या पुतण्याला, माधवराव पेशव्यांना, शरण यायला लावलं. पुढे ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणरावांचा गारद्यांनी खून केला आणि रामशास्त्री प्रभुण्यांनी रघुनाथरावांना दोषी ठरवलं. प्रभातने १९४४ मध्ये ‘रामशास्त्री’ काढला, त्यात आनंदीबाई झाल्या होत्या ललिता पवार. हुकुमातल्या ‘ध’चा ‘मा’ आनंदीबाईंनीच केला, हा मात्र पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेला समज. खून पक्का, अक्षर कुणी फिरवलं, ते सिद्ध झालेलं नाही.

आणि प्रेम? तिथे पटकथाकाराला मोकळं रान मिळतं. कारस्थानात हुकूम निघतात, पत्रं जातात, चौकशा होतात. दोन माणसांतलं एकांतातलं बोलणं कोणता कारकून टिपणार? म्हणून ‘बाजीराव मस्तानी’त (२०१५) काशीबाई आणि मस्तानी एकत्र पिंगा घालतात. गाणं देखणं आहे, पण त्याला इतिहासाचा आधार नाही. मुळात तो चित्रपट ना. सं. इनामदारांच्या ‘राऊ’ या कादंबरीवरून घेतलेला.

तरीही बाजीराव-मस्तानीचं नातं कुणी बनवून सांगितलेलं नाही. ते मोडण्यासाठी घरच्यांनी जे जे केलं, तोच त्याचा पुरावा. बाजीराव स्वारीवर असताना मस्तानीला कैदेत टाकलं गेलं. २८ एप्रिल १७४० रोजी बाजीराव नर्मदाकाठी रावेरखेडीला वारले. तुमच्याकडून सातपुडा ओलांडून खरगोन जिल्ह्यात गेलात की त्यांची समाधी बघता येईल. पाठोपाठ मस्तानीही गेली, तिची कबर पाबळला आहे. त्यांचा मुलगा समशेर बहाद्दर पानिपतावर मराठ्यांकडून लढला आणि जखमी होऊन मेला. बांद्याचे नवाब त्याच्याच वंशातले.

तेव्हा घरच्यांना एवढंच सांगा : विष, कट, खून, कैद दिसली तर ती घडलेली असण्याचा संभव बराच. चांदण्यात, दोघांशिवाय कुणीच नसताना राजा काही बोलला, तर ते वाक्य लेखकाचं. तिथे इतिहास शोधायला जाऊ नका, खुशाल डोळे पुसा.