पडद्यावरचे भूत आणि आपले घर



कसालच्या तिठ्यावरून रात्री मालवणच्या वाटेला लागलात आणि एखादा जुना वड दिसला, की पाऊल थबकते. तिथे आपण काय पाहिलेले असते? काहीच नाही. ऐकलेले मात्र पुष्कळ असते.

पूर्वी हे आजीच्या तोंडून ऐकू येई. आता ते पडद्यावरून येते. २०१६ साली 'रात्रीस खेळ चाले' ही मालिका सुरू झाली. तिचे चित्रीकरण आपल्याच जिल्ह्यात, आकेरी गावी झाले. २०२४ साली 'मुंज्या' हा हिंदी चित्रपट आला. त्याची कथाही कोकणातलीच. अर्धा अंधार, दाराची करकर, एकाएकी चढणारे संगीत, हे सारे माणसांनीच योजलेले असते. पण वाडा, माड, विहीर ओळखीची असतात. म्हणून खेळ संपला तरी भीती आपल्या परसात मुक्कामाला राहते.

करमणूक म्हणून पाहा. पण एक प्रश्न विचारा. मुंजा कोण? मुंज होऊन लग्नाआधी मेलेला ब्राह्मणाचा मुलगा. ब्रह्मसमंध कोण? मेलेला ब्राह्मण. म्हणजे भुतालाही जात आहे! १४ ऑक्टोबर १९५६ रोजी बाबासाहेबांनी नागपुरात धम्म दिला. त्या दिवशी आपण जातीचे घर सोडले, मग त्या घरातली भुते बरोबर कशाला आणायची?

ही भीती फुकटची नाही. पावसाळ्यात शेताच्या चिखलातून लेप्टोचा ताप येतो. त्याला 'बाधा' समजून घाड्याकडे अंगारा आणण्यात दोन दिवस गेले, तर माणूस हातचा जातो. साप चावलेल्याला उपचारापासून रोखून मंत्र-गंडेदोरे करणे हा तर महाराष्ट्रात २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे.

भगवान बुद्धांनी भीती नाकारली नाही, तपासली. मज्झिम निकायातील भयभेरव सुत्तात ते सांगतात की, बोधिप्राप्तीपूर्वी ते मुद्दाम भयाण वनात रात्री राहिले. मोराने काटकी पाडली, वाऱ्याने पाने सळसळली, की भय येई. चालत असता भय आले, तर ते जाईपर्यंत ते चालतच राहत. बसले असता आले, तर बसूनच राहत. पळाले नाहीत.

तुमचे मूल घाबरले तर त्याला हसू नका, दटावू नका. कंदील किंवा बॅटरी घ्या, त्याचा हात धरा आणि आवाज आला तिथपर्यंत चला. तिथे बहुधा माडाची झावळी पडलेली असेल. ती त्यालाच उचलू द्या.

जयभीम.