गवतातील सहजीवी बुरशी : किडींना अटकाव, जनावरांना धोका

बुरशी म्हणजे रोग, असे समीकरण शेतीत रूढ आहे. थंड हवामानातील अनेक रानगवतांत आढळणारी एपिक्लोई ही बुरशी त्याला अपवाद ठरते. तिच्या अनेक प्रजाती गवताच्या पेशींमधील पोकळीत कोणतेही लक्षण न दाखवता वाढतात आणि बियाण्यातून पुढील पिढीत जातात. गवताकडून तिला अन्न मिळते. त्या बदल्यात ती अल्कलॉइड वर्गातील संयुगे तयार करते.

यांपैकी पेरामिन व लोलिन ही संयुगे किडींना रोखतात. लोलिट्रेम-बीमुळे मात्र मेंढ्यांना कंप सुटतो व त्यांचा तोल जातो. अर्गोव्हॅलिनमुळे गुरांच्या रक्तवाहिन्या आकुंचन पावतात, उन्हाळ्यात शरीराचे तापमान वाढते आणि दूध घटते.

अमेरिकेत १९४३ मध्ये प्रसारित झालेला टॉल फेस्क्यू गवताचा ‘केंटकी-३१’ हा वाण काटकपणामुळे लोकप्रिय झाला. परंतु त्यावर चरणारी गुरे आजारी पडत. १९७७ मध्ये या आजाराचा संबंध गवतातील बुरशीशी जोडला गेला. त्यानंतर बुरशीमुक्त बियाणे आले. गुरे सुधारली, पण दुष्काळ व चराईत कुरणे विरळ झाली. न्यूझीलंडमध्येही १९८२ मध्ये असे दिसून आले, की बुरशीयुक्त रायग्रास अर्जेंटाइन स्टेम वीव्हिल या सोंडकिड्याला दाद देत नाही. म्हणजेच प्रतिकारशक्तीचे श्रेय बुरशीकडे जात होते.

यावर उपाय म्हणून बुरशीचे निवडक नैसर्गिक विभेद वापरले गेले. न्यूझीलंडमधील ‘एआर-१’ हा विभेद पेरामिन तयार करतो. लोलिट्रेम-बी व अर्गोव्हॅलिन मात्र तयार करत नाही.

हिमाचल प्रदेशासारख्या थंड डोंगराळ भागांत टॉल फेस्क्यू व रायग्रास चाऱ्यासाठी लावले जातात. तेथे पुढील बाबी ध्यानात घ्याव्यात :

१. हिरवळीसाठी विकल्या जाणाऱ्या वाणांत कीडप्रतिकारासाठी जनावरांना घातक बुरशी मुद्दाम राखलेली असू शकते. असे बियाणे चाऱ्यासाठी पेरू नये.

२. बियाणे घेताना बुरशी आहे का आणि असल्यास कोणता विभेद आहे, याची लेखी माहिती घ्यावी.

३. उष्ण व दमट साठवणुकीत बियाण्याआधी बुरशी मरते. उगवणक्षमता चांगली असूनही कीडसंरक्षण संपलेले असू शकते. त्यामुळे निवडक विभेद असलेले बियाणे थंड व कोरड्या जागी ठेवावे.