हार्ड डिस्क घेतांना

आमच्या आजीस जात्यावरील ओव्या दीडशेंहून अधिक येत असत. तिच्या अखेरच्या वर्षीं आम्ही त्या तिच्याच आवाजांत मुद्रित केल्या, तिचीं चलच्चित्रें घेतलीं, आणि एक नवी हार्ड डिस्क आणून तीवर सर्व नीट रचून ठेविलें. मोबाइलमध्यें जागा उरेना म्हणून मूळ फाइली पुसून टाकिल्या. डिस्क नांवाजलेली होती. तीन वर्षांची हमीही होती. दोन वर्षांनीं एके दिवशीं ती संगणकास जोडली असतां आंतून नुसती टिकटिक ऐकूं येऊं लागली व एकही फाइल उघडेना. हमी अक्षरशः पाळली गेली. दुकानदारानें जुनी डिस्क परत घेऊन नवी, कोरी डिस्क हातीं ठेविली. ओव्या गेल्या त्या गेल्याच. केवळ अकरा उरल्या. त्या कशा, हें पुढें येईलच.

तेव्हांपासून "कोणती डिस्क घ्यावी?" असें कोणीं विद्यार्थ्यानें वा पालकानें विचारलें, म्हणजे मी प्रथम तिचें अंतरंग सांगतों. आंत ॲल्युमिनियमच्या किंवा कांचेच्या गुळगुळीत तबकड्या असून त्यांवर चुंबकीय द्रव्याचा अत्यंत पातळ थर असतो. तबकडी बहुधा मिनिटास ५,४०० किंवा ७,२०० फेरे घेते, आणि लिहिणारें-वाचणारें हेड तिला स्पर्श न करितां तीवर तरंगत राहतें. मधलें अंतर कांहीं नॅनोमीटर, म्हणजे मनुष्याच्या केसाच्या जाडीच्या सहस्रांशाहूनही कमी. चालू असतांना अशा रचनेस धक्का लागला तर काय होईल हें सांगावयास नको. १९५६ सालीं आय. बी. एम. कंपनीनें या जातीचें पहिलें यंत्र बाजारांत आणिलें. त्यांत चोवीस इंच व्यासाच्या ५० तबकड्या होत्या, वजन सुमारें एक टन, आणि सांठा ५० लक्ष अक्षरांचा! आज तळहातावर मावणाऱ्या चार टेराबाइटच्या डिस्कमध्यें त्याच्या सुमारें आठ लक्ष पट मजकूर राहतो. सोय झाली खरी. पण एका क्षणांत गमावतां येईल असा ऐवजही तितकाच वाढला.

कंपनी कोणती, हा प्रश्न मला लोकांस वाटतो तितका महत्त्वाचा वाटत नाहीं. तबकड्यांच्या डिस्क बनविणाऱ्या मोठ्या कंपन्या जगांत तीनच उरल्या आहेत : सीगेट, वेस्टर्न डिजिटल व तोशिबा. बॅकब्लेझ ही अमेरिकन कंपनी लोकांच्या फाइली सांभाळण्याचा व्यवसाय करते, आणि आपल्याकडील किती डिस्क बंद पडल्या याचे आंकडे २०१३ पासून प्रसिद्ध करीत आली आहे. २०२४ सालीं हें प्रमाण शेंकडा १.५७ होतें. एकाच कंपनीच्या दोन नमुन्यांतही बराच फरक दिसतो, म्हणून नांवापेक्षां नमुन्याचा क्रमांक पाहावा. शेंकडा दीड हें प्रमाण अल्प वाटतें. परंतु ज्याच्या घरीं एकच डिस्क आहे, त्याची ती बिघडली तर त्याचें नुकसान शेंकडा शंभर होतें. डिस्क स्वतःच्या प्रकृतीची नोंद ठेविते; त्या व्यवस्थेस स्मार्ट म्हणतात. ती अधूनमधून पाहावी, पण तीवर विसंबूं नये. गूगलच्या संशोधकांनीं २००७ सालीं एक लक्षाहून अधिक डिस्कांचा अभ्यास प्रसिद्ध केला. त्यांत बंद पडलेल्या डिस्कांपैकीं निम्म्याहून अधिकांनीं मुख्य चार लक्षणांपैकीं एकही आधीं दाखविलें नव्हतें.

निवड करावयाची ती उपयोग पाहून. दप्तरांतून न्यावयाची असेल तर एस. एस. डी. घ्यावी, तिच्यांत फिरणारा भाग नसल्यामुळें ती धक्का सोसते. परंतु ती मजकूर विद्युत्भाराच्या रूपानें धरून ठेविते, आणि वीज न मिळतां वर्षानुवर्षें कपाटांत पडून राहिली तर तो भार झिरपून जाऊं शकतो. मोठ्या फाइली थोड्या खर्चांत ठेवावयाच्या तर तबकडीची डिस्कच बरी. तिच्याही दोन जाती आहेत. सी. एम. आर. जातींत मजकुराच्या रेघा शेजारीं शेजारीं स्वतंत्र असतात, एस. एम. आर. जातींत त्या छपरावरील कौलांप्रमाणें एकमेकींवर चढविलेल्या असतात. मधलें कौल बदलावयाचें तर शेजारचीं कौलें उचलावीं लागतात. तसेंच येथें एक रेघ बदलतांना पुढच्या रेघा पुनः लिहाव्या लागतात, व काम मंदावतें. एकदां लिहून ठेवावयाच्या चलच्चित्रांस हें चालेल. जेथें रोज फेरफार होतो तेथें सी. एम. आर. पाहावी. हा भेद वेष्टनावर बहुधा नसतो, माहितीपत्रकांत शोधावा लागतो. सोळा टेराबाइट अवघ्या दोन हजार रुपयांत, अशा जाहिरातीस भुलूं नये. आंत लहानशी चिप बसवून मोठा आंकडा दाखविणाऱ्या खोट्या डिस्क विकल्या जातात. नवी डिस्क पूर्ण भरून परत वाचून पाहिली म्हणजे लबाडी उघड होते. (एक टेराबाइटची डिस्क विंडोज संगणकावर ९३१ गिगाबाइट दिसते ती मात्र लबाडी नव्हे; तो मोजण्याच्या पद्धतींतला फरक आहे.)

छायाचित्रकार पीटर क्रॉग यांनीं एक सुटसुटीत नियम रूढ केला : प्रती तीन, साधनें दोन प्रकारचीं, आणि एक प्रत दुसऱ्या ठिकाणीं. माझ्या मतें एक महाग डिस्क घेण्यापेक्षां त्याच पैशांत दोन साध्या घ्याव्या, आणि दुसरी संगणकास सदैव जोडून ठेवूं नये. विजेचा लोट आला किंवा संगणकांत विषाणु शिरला तर दोन्ही एकदमच जावयाच्या.

प्रत काढली एवढ्यानेंही भागत नाहीं. १९९८ सालीं अमेरिकेंतील पिक्सार संस्थेंत 'टॉय स्टोरी २' हा चित्रपट तयार होत असतां एका चुकीच्या आज्ञेनें त्याच्या फाइली भराभर पुसल्या जाऊं लागल्या. प्रती काढण्याची व्यवस्था होती; पण त्या कित्येक दिवस नीट निघतच नव्हत्या, आणि हें कोणाच्या ध्यानीं आलें नव्हतें. काम वांचलें तें गॅलिन ससमन या तंत्रनिर्देशिकेमुळें. घरीं तान्हें मूल असल्यामुळें त्या घरून काम करीत, व त्यांच्या घरच्या संगणकावर एक प्रत होती. तो संगणक पांघरुणांत गुंडाळून मोटारींतून कचेरींत आणला गेला.

आमच्या अकरा ओव्याही अशाच वांचल्या. धाकट्या बहिणीनें त्या सासरीं, देवरुखास, ऐकण्याकरितां मागून घेतल्या होत्या. आतां त्यांची एक प्रत संगणकांत आहे, एक कपाटांतील डिस्कवर, आणि एक तिच्याकडे. दर महिन्याच्या पहिल्या रविवारीं माझी मुलगी कपाटांतील डिस्क काढून कोणतीही एक ओवी शेवटपर्यंत लावते व डब्यावर तारीख लिहून ठेविते. सातव्या ओवींत मध्येंच कुकरची शिटी होते आणि आजी गाणें थांबवून "गॅस बारीक कर गं" म्हणते. गेल्या खेपेस तीच लाविली होती, नीट चालली.